बैठकीची लावणी

निवडक रसिकांपुढे बसून, अदाकारीसह गायची लावणी. तमाशाचे ढोलकीफड आणि संगीतबारी असे दोन प्रवाह मानतात. कुपवाडजवळच्या कवलापूरच्या काळू-बाळूंचा तमाशा पहिल्यातला. बैठकीची लावणी संगीतबारीने जपली. हिच्यात ढोलकीफडाचा कडकडाट नसतो. पेटी-तबल्याच्या साथीवर, ठुमरीच्या अंगाने, शब्द सावकाश फुलतो. एकाच ओळीवर गायिका दर वेळी नवा भाव दाखवते : कधी पदराचे टोक बोटाभोवती गुंडाळत लाज, कधी नुसती भुवई उचलून रुसवा. तिची खरी कसोटी इथेच लागते.

जपानच्या गेशांशी हिचे साम्य ठळक आहे. क्योतोतील गिओनच्या 'ओचाया' म्हणजे चहागृहांत गेशा शामिसेन या तीनतारी वाद्याच्या साथीने मोजक्या पाहुण्यांपुढे गातात, नाचतात. दोन्हीकडे वर्षानुवर्षांची तालीम लागते, आणि दोन्हीकडे कलावतींच्या वाट्याला संशयाची नजर आली. हा त्यांच्यावर झालेला अन्यायच होय. गेशांची चहागृहे जगभर गाजली. आपल्या बैठकीला तेवढा मान मिळाला नाही.

या परंपरेतील थोर गायिका, सातारा जिल्ह्यातील वाईच्या यमुनाबाई वाईकर यांना २०१२ मध्ये पद्मश्री मिळाली. १५ मे २०१८ रोजी, वयाच्या १०२व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.