मिथ्रिल

मिथ्रिल : जे. आर. आर. टोल्कीन (१८९२–१९७३) या इंग्रज लेखकाने निर्माण केलेल्या ‘मिडल-अर्थ’ या काल्पनिक जगातील एक दुर्मीळ धातू. दिसायला चांदीसारखा, वजनाला हलका आणि तरीही पाणी दिलेल्या पोलादाहून कठीण. ‘खरी चांदी’ आणि ‘मोरियाची चांदी’ ही त्याची आणखी नावे. ‘मिथ्रिल’ हे नाव एल्फ लोकांच्या सिंदारिन भाषेतले असून करड्या चकाकीशी त्याचा संबंध आहे. बुटक्यांच्या भाषेतही त्याला नाव होते. ते त्यांनी परक्यांना कधीच सांगितले नाही.

मिथ्रिल तांब्यासारखा ठोकून हवा तसा पसरवता येतो आणि काचेसारखी झिलई घेतो. चांदी काळवंडते, हा मात्र कितीही वर्षे लोटली तरी फिका पडत नाही. हे सगळे धातूचे गुण आहेत. मिथ्रिलमध्ये स्वतःचा असा मंत्र नाही, इच्छाशक्ती नाही, तो कोणाला भुरळ घालून गुलाम करत नाही. टोल्कीनच्या जगातील अंगठ्या आणि सिल्मरिल रत्ने यांच्यात त्यांच्या कर्त्यांनी सामर्थ्य ओतलेले असते. मिथ्रिल जमिनीतून निघतो आणि कारागिराच्या हातून घडतो. त्याला जादूचा धातू म्हणण्याची सवय वाचकांत आहे, पण मूळ ग्रंथांत त्याचे आकर्षण कौशल्य आणि टंचाई या दोन गोष्टींवर उभे आहे. प्रस्तुत लेखकाच्या मते हेच त्याचे खरे वैशिष्ट्य. कल्पित असूनही या धातूला खाण आहे, बाजारभाव आहे आणि उपसा केल्याचे परिणामही आहेत.

मिस्टी पर्वतरांगेखाली बुटक्यांनी कोरलेले खझाद-दूम, म्हणजेच नंतरचे मोरिया, हे मिथ्रिलचे प्रमुख उगमस्थान. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधील गॅन्डाल्फ या जादूगाराच्या म्हणण्यानुसार तो जगात फक्त येथेच सापडे. मात्र टोल्कीनच्या मृत्यूनंतर १९८०मध्ये निघालेल्या ‘अनफिनिश्ड टेल्स’मध्ये नुमेनोर बेटावरही तो मिळत असल्याचा उल्लेख आहे. सोने, रत्ने किंवा लोखंड यांसाठी बुटक्यांना खोल खणण्याची गरज नव्हती. ते व्यापारातून मिळत असे. मोरियाची संपत्ती होती ती मिथ्रिलची शिरा. कॅराध्रास शिखराच्या दिशेने उत्तरेकडे जाणारी ही शिरा खाली अंधारात उतरत गेली आणि तिच्यामागोमाग खणणारेही उतरत गेले. मिडल-अर्थच्या दुसऱ्या युगात नोल्डोर एल्फांनी पर्वताच्या पश्चिमेला एरेगियोन वसवले, तेही मोरियात मिथ्रिल सापडल्याचे कळल्यावरच. बुटके आणि एल्फ यांच्यात एरवी न दिसणारी मैत्री या शेजारातून जुळली. धातूमुळे झालेले हे भलेही विसरू नये.

पण शिरेचा पाठलाग थांबला नाही. तिसऱ्या युगाच्या १९८०व्या वर्षी खोलवर दडून बसलेला बॅलरॉग हा अग्नी आणि सावलीचा राक्षस या खोदकामाने जागा झाला. त्याने राजा सहावा डुरिन याला मारले. पुढच्याच वर्षी डुरिनचा मुलगा नाइन मारला गेला आणि उरलेले बुटके खझाद-दूम सोडून पळाले. ज्या धातूने राज्य श्रीमंत केले त्यानेच ते रिकामे केले. उत्पादन थांबल्यावर किंमत अर्थातच वाढली. एके काळी सोन्याच्या दहापट असलेला मिथ्रिल नंतर अनमोल ठरला. ऑर्क या दुष्ट जमातीच्या हाती लागलेला माल खंडणी म्हणून अंधाराचा अधिपती साउरोन याच्याकडे जाई, कारण त्याला या धातूचा लोभ होता.

मिथ्रिलपासून ‘इथिल्दिन’ नावाचा पदार्थ बनवत. त्याने काढलेली नक्षी केवळ चांदण्यात किंवा ताऱ्यांच्या प्रकाशात दिसे. मोरियाच्या पश्चिम दरवाजावर नार्वी हा बुटका आणि केलेब्रिंबोर हा एल्फ यांनी मिळून केलेले काम हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण. एल्फांची स्वामिनी गॅलाड्रिएल हिची नेन्या ही अंगठी मिथ्रिलची होती. मानवांच्या गोंडोर राज्यातील बालेकिल्ल्यावरील पहारेकऱ्यांची शिरस्त्राणेही त्याचीच. साउरोनविरुद्धच्या युद्धात मोडलेली गोंडोरची राजधानी मिनास तिरिथ हिची महाद्वारे चौथ्या युगात गिम्ली या बुटक्याच्या लोकांनी मिथ्रिल आणि पोलाद वापरून नव्याने घडवली.

या धातूची सर्वांत गाजलेली वस्तू म्हणजे एका तरुण एल्फ राजपुत्रासाठी फार पूर्वी घडवलेले कड्यांचे चिलखत. एरेबोर या बुटक्यांच्या राज्यातील खजिन्यातून ते त्यांचा राजा थोरिन याने बिल्बो या हॉबिटला दिले. बिल्बोने ते काही काळ शायर या हॉबिटांच्या प्रदेशातील वस्तुसंग्रहालयात ठेवायला दिले होते. त्याची किंमत संपूर्ण शायर आणि तिथले सारे काही यांहून जास्त होती, हे तिथे कोणालाच ठाऊक नव्हते. पुढे ते बिल्बोचा वारस फ्रोडो याच्याकडे आले. मोरियात ऑर्कसरदाराचा भाला त्याने अडवला. शायरमध्ये परतल्यावर सारुमान या जादूगाराचा सुरा त्याच्यावर मोडला. या दोन्ही वेळांहून महत्त्वाचा प्रसंग मात्र तिसरा आहे. साउरोनच्या हद्दीतील किरिथ उंगोलच्या मनोऱ्यात फ्रोडो कैदेत असताना हेच चिलखत कोणी घ्यायचे यावरून ऑर्कांच्या दोन टोळ्यांनी एकमेकांना कापून काढले आणि फ्रोडोचा सोबती सॅम याला वर जाण्याची वाट मोकळी झाली. अंगात नसतानाही या चिलखताने फ्रोडोला वाचवले, ते शत्रूच्या हावेच्या जोरावर. कथानकाची इतकी घट्ट वीण टोल्कीनच्या लेखनातही क्वचितच आढळते.

‘द हॉबिट’च्या १९३७च्या पहिल्या आवृत्तीत ‘मिथ्रिल’ हा शब्दच नव्हता. बिल्बोचे चिलखत तिथे रुपेरी पोलादाचे होते. शब्द आणि त्यामागचा इतिहास १९५४–५५मध्ये निघालेल्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये आला. १९६६च्या सुधारित आवृत्तीत टोल्कीनने तो ‘द हॉबिट’मध्ये घातला आणि दोन्ही पुस्तके या एका धाग्यानेही जोडली गेली.

पुढे हा धातू मूळ जगाबाहेर पसरला. ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळात तो ‘मिथ्रल’ या नावाने आढळतो आणि ‘फायनल फँटसी’सारख्या अनेक व्हिडिओ गेममध्ये शस्त्रांची एक ठरावीक श्रेणी बनला आहे. तिथे त्याचा हलकेपणा आणि कठीणपणा उरला, पण खाण आणि तिचा नाश गळून पडला. ‘द रिंग्ज ऑफ पॉवर’ (२०२२ पासून) या मालिकेने उलट दिशा धरली. तिथल्या दंतकथेनुसार हरवलेल्या सिल्मरिलचा प्रकाश या धातूत उतरला असून क्षीण होत चाललेल्या एल्फांना तोच तारू शकतो. टोल्कीनच्या ग्रंथांत याला आधार नाही. शिवाय या बदलामुळे बुटक्यांच्या खोल खणण्याला एक उदात्त कारण मिळते आणि मूळ कथेत त्यांच्यावर असलेली जबाबदारी हलकी होते.