शेताची वाट आणि रोमचा कायदा

आपल्या यवतमाळात धुऱ्याची आणि वाटेची भांडणं कोणाला नवीन आहेत? पावसाळ्यात काळ्या मातीत बंडी रुतते. पुढं कापूस घरी आणायचा तर वाट पाहिजे, आणि शेजाऱ्यानं नेमकी तीच नांगरून टाकलेली असते.

हेच भांडण रोममध्येही होतं. इसवीसनपूर्व ४५० च्या सुमारास रोमनांनी आपला पहिला लेखी कायदा बारा फलकांवर लिहून भर चौकात लावला. त्यात गाडीवाटेचं मापसुद्धा आहे: सरळ असेल तिथं ८ फूट, वळणावर १६. वळणावर दुप्पट का, हे बंडी वळवलेल्या माणसाला सांगावं लागत नाही.

पुढच्या वकिलांनी वाटांचे प्रकार पाडले. माणसानं चालायची ती 'इटेर', गुरं हाकायची ती 'आक्टुस', गाडीची ती 'विया'. आपल्या गावनकाशातही पायमार्ग एकेरी तुटक रेषेचा आणि गाडीमार्ग दुहेरी असतो, बघा कधी.

मला मात्र सगळ्यात भारी वाटते ती त्यांची एक कल्पना. हा वाटेचा हक्क त्यांनी माणसाला दिलाच नाही, शेताला दिला. नाव दिलं 'सर्विटुस', म्हणजे एक शेत दुसऱ्याची चाकरी करतं. (शब्द खरं तर गुलामगिरीचाच. गुलाम बाळगणाऱ्या समाजाला दुसरं काय सुचणार!) म्हणून शेत विकलं, वारसाकडे गेलं, तरी वाट शेतासोबतच जाते.

सम्राट जस्टिनियननं ५३३ साली या वकिलांची मतं एका ग्रंथात आणली. युरोपातल्या विद्यापीठांमार्गे तो विचार इंग्लंडच्या वकिलांपर्यंत पोचला, आणि १८८२ च्या भारतीय सुविधाधिकार कायद्यात उतरला. वाटण्या झाल्या आणि मागच्या भावाच्या हिश्शाला दुसरी वाटच उरली नाही, तर ती पुढच्या हिश्शातून मागता येते. "वाट तुझ्या बापाला होती, तुला नाही," असं कोणी म्हटलं की मला ते रोमन वकील आठवतात. नुसती मेहरबानी म्हणून दिलेली परवानगी असेल, तर गोष्ट वेगळी.

चालती वाट अडवली तर १९०६ च्या मामलतदार न्यायालय कायद्याखाली तहसीलदाराकडे दावा करा, पण ६ महिन्यांच्या आत. शेतात जायला वाटच नसेल तर महसूल संहितेचं कलम १४३ आहे, त्यात धुऱ्यावरून वाट मिळू शकते.

रोमनांची अजून एक गंमत सांगतो. रस्त्याची देखभाल केली नाही, तर गाडीवाल्यानं वाटेल तिथून जनावरं हाकावीत, अशी त्यांची तरतूद होती. आपल्या कायद्यात ती नाही, तेव्हा उगाच ट्रॅक्टर घेऊन निघू नका!