कॉर्नहिलवरचं पन्नास सेंटचं पुस्तक

१८४५ चा मे महिना संपत आलाय आणि तुम्ही बॉस्टनच्या कॉर्नहिल रस्त्यावर उभे आहात. रस्ता वळणाचा, दोन्ही अंगांना पुस्तकांची दुकानं. (आजच्या नकाशावर शोधत बसू नका. १९६० च्या दशकात त्यातलं जवळजवळ सगळं पाडून तिथे सरकारी कचेऱ्या आणि मोठं पटांगण उभं राहिलं.) पंचवीस नंबरात गुलामगिरीविरोधी चळवळीचं ऑफिस आहे. आत जा. एक नवंकोरं पुस्तक विक्रीला आलंय, सव्वाशे पानांचं. किंमत पन्नास सेंट. पैसे द्या आणि उघडा.

सुरुवातीलाच एका तरुणाचं चित्र आहे. कोट, गळपट्टा, कपाळाला किंचित आठी, खाली सही. नाव फ्रेडरिक डग्लस. एका अमेरिकी गुलामाची जीवनकहाणी, असं शीर्षक, आणि पुढे मुद्दाम छापलंय: त्याने स्वतः लिहिलेली. हे छापायची गरज पडली. गेली चार वर्षं हा माणूस सभांमधून आपली हकिगत सांगतोय आणि लोक आपसांत कुजबुजतायत: गुलाम असा बोलेल होय? हा कुठल्या गावचा ते सांगत नाही, मालक कोण ते सांगत नाही, थापा मारतोय झालं.

म्हणून त्याने सगळं सांगून टाकलंय. उभ्याउभ्याच चाळा. मेरीलँड राज्य, टॅल्बट काउंटी, टकाहो परिसर. जन्मतारीख ठाऊक नाही. गुलामांना ती ठाऊक नसतेच. आईला आपल्यापासून लहानपणीच तोडलं; ती बारा मैलांवर राबायची, दिवसभराच्या कामानंतर चालत यायची, रात्री कुशीत घ्यायची आणि उजाडायच्या आत परत जायची. मग माणसांची नावं येतात. बडा जमीनदार कर्नल लॉइड. एका गुलामाला गोळी घालणारा मुकादम ऑस्टिन गोर. पोरवयातल्या डग्लसला ठेचून ‘सरळ’ करणारा एडवर्ड कव्ही. आणि मालक टॉमस ऑल्ड, राहणार सेंट मायकल्स. पोलिसांत द्यायच्या फिर्यादीसारखं सगळं नावगावासकट.

इथे जरा थांबा. कायद्याने डग्लस अजून या ऑल्डच्याच मालकीचा आहे. १७९३ च्या कायद्यानुसार पळालेल्या गुलामाला मालक मॅसॅच्युसेट्समधून देखील धरून नेऊ शकतो. म्हणजे या पुस्तकाने शंकेखोरांची तोंडं बंद होणार आणि त्याच पानांवरून डग्लसचा माग लागणार. त्याचा मित्र वेंडेल फिलिप्स याने पुस्तकाला जोडलेल्या पत्रात साफ म्हटलंय, की तुझ्या जागी मी असतो तर हस्तलिखित चुलीत घातलं असतं. पुस्तकाची शिफारस करणारं पत्र असं असावं, याची गंमतही वाटते आणि पोटात गोळाही येतो.

आता पंधराएक वर्षं मागे चला. बॉल्टिमोर, फेल्स पॉइंट, जहाजं बांधायची गोदी. सुतार लाकडाची एक फळी तासतो, तिच्यावर अक्षर काढतो. जहाजाच्या डाव्या अंगाला जायची असेल तर ‘एल’, उजव्या अंगाला ‘एस’. डाव्या अंगाचा पुढचा भाग असेल तर ‘एल एफ’, मागचा असेल तर ‘एल ए’. बाजूला एक काळा पोरगा बघत उभा आहे. हाच डग्लस. मालकाच्या भावजयीने त्याला मुळाक्षरं शिकवायला घेतली होती. नवऱ्याने तिला दटावून बंद केलं, वाचायला शिकला तर हा गुलाम म्हणून कामाचा राहणार नाही, असं पोरासमोरच सांगून. पोराने ते बरोबर ऐकलं. आता तो गोदीतली ही चार अक्षरं गिरवतो आणि रस्त्यावर भेटणाऱ्या गोऱ्या पोरांना डिवचतो, तुझ्याएवढं मलाही येतं लिहिता. पोरं हसतात, आपलं लिहून दाखवतात आणि नकळत त्याला शिकवून जातात. काही पोरांना तो घरातली भाकरी देतो आणि बदल्यात धडा घेतो. त्या घरच्या मुलाच्या, म्हणजे धाकट्या मालकाच्या, जुन्या वह्यांत दोन ओळींमधे राहिलेल्या कोऱ्या जागेत सराव करतो. बारा-तेरा वर्षांचा असताना बूट पुसून जमवलेल्या पैशांतून त्याने पहिलं पुस्तक विकत घेतलं, ‘द कोलंबियन ओरेटर’ नावाचा भाषणांचा संग्रह. त्यात एक संवाद होता: गुलाम युक्तिवादात मालकाला हरवतो आणि सुटतो. त्या पुस्तकालाही पन्नास सेंटच पडले होते.

परत कॉर्नहिलवर या आणि त्या गोऱ्या पोरांची नावं शोधा. सापडणार नाहीत. त्यांच्या गल्लीचं नाव आहे, शेजारच्या गोदीचं आहे, पोरांची नाहीत. गुलामाला शिकवणं हा अक्षम्य गुन्हा मानला जातो. नाव छापलं तर त्यांना त्रास होईल. बॉल्टिमोरहून तो पळाला कसा, तेही शोधा. तारीख मिळते, ३ सप्टेंबर १८३८. वाट मिळत नाही. मी सांगितली तर मागून येणाऱ्यांची वाट बंद होईल, असं कारण तो देतो आणि सुटकेच्या गुप्त वाटांचा गाजावाजा करणाऱ्या उत्साही मित्रांचीही हजेरी घेतो. मला विचाराल तर या पुस्तकाची खरी ताकद इथे आहे. छळणाऱ्यांची नावं उघड, मदत केल्याने अडचणीत येतील त्यांची झाकलेली. हा हिशेब त्याने सांभाळलाय.

एक तक्रार मात्र आहे. त्याच्या सुटकेला हातभार लावणारी ॲना मरे, नंतर त्याची बायको, हिला पुस्तकात जेमतेम जागा. लग्नाचा दाखला आणि ती गुलाम नव्हती एवढी तळटीप. आईची कहाणी पुढे मुलगी रोझेटाने १९०० साली लिहिली.

चार महिन्यांत पाच हजार प्रती खपल्या. डेलावेअरमधल्या ए. सी. सी. थॉम्पसन नावाच्या गृहस्थाने वर्तमानपत्रातून पुस्तक खोडून काढायचा प्रयत्न केला: आपण या गुलामाला ओळखत होतो, तो असं पुस्तक लिहूच शकत नाही. डग्लसने जाहीर आभार मानले. आपण मेरीलँडचे गुलाम होतो याला मेरीलँडच्या माणसांना ओळखणाऱ्याचीच साक्ष मिळाली!

तोवर तो निसटला होता. ऑगस्टमध्ये ‘कँब्रिया’ जहाजाने लिव्हरपूलला. केबिन नाकारली गेली म्हणून खालच्या वर्गातून. १८४६ मध्ये ब्रिटनमधल्या स्नेह्यांनी दीडशे पौंड मोजून त्याला विकत घेतलं आणि मुक्त केलं. पैसे देणं म्हणजे मालकी मान्य करणं, असं म्हणत काही चळवळ्यांनी नाकं मुरडली. नाकं मुरडणाऱ्यांना कुणी धरून नेणार नव्हतं.

त्याच १८४५ मध्ये पुण्यात अठरा वर्षांचे जोतीराव फुले मिशनच्या शाळेत शिकत होते. १८७३ मध्ये त्यांनी आपलं ‘गुलामगिरी’ हे पुस्तक अर्पण केलं ते अमेरिकेत गुलामी संपवणाऱ्या तिथल्या सदाचारी लोकांना.

१८७७ मध्ये डग्लस सेंट मायकल्सला गेला. टॉमस ऑल्ड अंथरुणाला खिळला होता. डग्लसने त्याला आपल्या जन्माबद्दल विचारलं. ऑल्ड म्हणाला, फेब्रुवारी १८१८.

आणि पळून जायची वाट त्याने १८८१ च्या आत्मचरित्रात छापली, गुलामी कायद्याने संपून सोळा वर्षं झाल्यावर. खलाशाचा वेश, आगगाडी, आणि एका मुक्त काळ्या खलाशाचा उसना घेतलेला कागद. त्यावरचं वर्णन डग्लसशी जुळत नव्हतं. कंडक्टरने वरचा सरकारी गरुड पाहिला आणि पुढे गेला. तेव्हा वाचायचं तर आधी १८४५ चंच वाचा, हातात पेन्सिल घेऊन, आणि जिथे नाव गाळलंय तिथे खूण करत चला.