वीरा साथीदार

वीरा साथीदार (मृत्यू: १३ एप्रिल २०२१, नागपूर) हे आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते, कवी, पत्रकार आणि अभिनेते होते. चैतन्य ताम्हाणे दिग्दर्शित 'कोर्ट' (२०१४) या चित्रपटातील लोकशाहीर नारायण कांबळे ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका होय. अभिनय हा त्यांचा व्यवसाय नव्हता. नागपूरच्या श्रमिक वस्तीत वाढलेल्या साथीदारांचे बहुतेक आयुष्य संघटनकार्यात आणि लेखनात गेले. 'विद्रोही' या मराठी नियतकालिकाच्या संपादनाशीही ते संबंधित होते.

'कोर्ट'मधील भूमिका

मुंबईतील एका सफाई कामगाराचा मृतदेह मॅनहोलमध्ये सापडतो. कांबळे यांच्या गाण्यामुळेच त्याने आत्महत्या केली, असा आरोप ठेवून पोलीस या वृद्ध शाहिराला कार्यक्रम चालू असतानाच अटक करतात. पुढे मृताची पत्नी (उषा बाने) साक्ष देते. संरक्षक साधनांशिवाय विषारी वायूत उतरणाऱ्या माणसाचे रोजचे जगणेच तिच्या उत्तरांतून उघड होते आणि आरोपातील पोकळपणा आपोआप दिसू लागतो. जामीन मिळाल्यानंतर कांबळे यांना पुन्हा अटक होते, या वेळी बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली.

ज्याच्यावर खटला चालतो, तो शाहीर पडद्यावर फार थोडा वेळ बोलतो. बराचसा काळ बचाव पक्षाचे वकील (विवेक गोम्बर), सरकारी वकील (गीतांजली कुलकर्णी) आणि न्यायाधीश (प्रदीप जोशी) यांच्या कामकाजात जातो. कांबळे केवळ उभे असतात. साथीदारांनी हे उभे राहणे कोणताही आविर्भाव न आणता साकारले. गाताना मात्र हाच माणूस आवाजाने मंच व्यापतो. या दोन अवस्थांतील अंतर हे त्या भूमिकेचे खरे बळ आहे, आणि चळवळीच्या सभांचा अनुभव असलेल्या माणसालाच ते इतक्या सहजतेने पेलता आले असावे. चित्रपटातील गाणी शाहीर संभाजी भगत यांची आहेत.

व्हेनिस महोत्सवात 'कोर्ट'ला ओरिझोंती विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा आणि पहिल्या चित्रपटासाठीचा 'लायन ऑफ द फ्यूचर' हे पुरस्कार मिळाले. ६२व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्याला सुवर्णकमळ प्राप्त झाले. ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका म्हणूनही त्याची निवड झाली होती.

निधन आणि नंतर

कोविड-१९च्या दुसऱ्या लाटेत, आंबेडकर जयंतीच्या आदल्या दिवशी, साथीदारांचे नागपूर येथे निधन झाले.

मे २०२५ मध्ये नागपुरात त्यांच्या स्मृतिप्रीत्यर्थ झालेल्या कार्यक्रमात फैज अहमद फैज यांची 'हम देखेंगे' ही नज्म गायिली गेली. त्यावरून आलेल्या तक्रारीनंतर पोलिसांनी गुन्हा नोंदविला. त्यात देशाचे सार्वभौमत्व व एकात्मता धोक्यात आणण्यासंबंधीचे भारतीय न्याय संहितेचे कलम १५२ही लावण्यात आले. गाण्यावरून खटला हा 'कोर्ट'चा विषय असल्याने या घटनेच्या वृत्तांतांत साथीदारांच्या भूमिकेचा उल्लेख वारंवार झाला.