मकबऱ्याचा मेमार आणि भास्कराचार्यांचे बीजगणित

गेल्या वर्षी नववीचा निकाल लागला त्या आठवड्यात एक पालक शाळेत आले. धंद्याने गवंडी, उंद्रीत आणि आसपासच्या गावांत सारे त्यांना मिस्त्रीचाचा म्हणतात. उभ्याउभ्याच म्हणाले, "सर, पोराचं नाव काढून टाका. ते क्ष आणि य त्याच्या डोक्यात शिरत नाही. आणि भिंत बांधणाऱ्याला त्याचा उपयोग तरी काय? कामावर नेतो सोबत."

मी त्यांना बसवले, चहा मागवला आणि म्हणालो, "चाचा, एक हिशेब करून द्या. एका कामावर सोमवारी २ मिस्त्री आणि ३ मजूर होते, मजुरी झाली ३१०० रुपये. मंगळवारी मिस्त्री तेच २, पण मजूर ५. मजुरी झाली ४१०० रुपये. तर मिस्त्रीला किती आणि मजुराला किती?"

ते हसले. "मजूर दोन वाढले, पैसे हजार वाढले. म्हणजे मजुराचे पाचशे. तीन मजुरांचे पंधराशे काढा, राहिले सोळाशे, मिस्त्रीचे आठशे. यात काय आहे?"

यात दहावीच्या पुस्तकातील पहिले प्रकरण आहे. दोन चलांतील दोन समीकरणे घ्यायची, एक दुसऱ्यातून वजा करायचे, म्हणजे दोहोंत सारखे असलेले चल नाहीसे होते आणि उरते एकाच चलाचे साधे समीकरण. याला आपण चलाचा लोप म्हणतो. मिस्त्रींची संख्या दोन्ही दिवशी सारखी नसती, तर आधी समीकरणांना योग्य संख्यांनी गुणून ती सारखी करावी लागली असती, एवढाच फरक.

चाचा म्हणाले, "हे तर आम्ही रोजच करतो. पण पुस्तकात कोणी लिहिलं?" त्या दिवशी मला घाईघाईत नीट सांगता आले नाही. तेच येथे सांगतो.

अशी उदाहरणे सोडवणारे लोक फार जुने आहेत. चीनमधील 'नऊ प्रकरणे' या सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच्या ग्रंथात धान्याच्या पेंढ्यांची उदाहरणे आहेत. तेथे गणनेच्या काड्या रांगांत मांडून एका रांगेतून दुसरी वजा करीत. आपल्याकडे ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये अनेक अव्यक्तांच्या समीकरणांचे नियम दिले. बगदादमध्ये ८२० च्या सुमारास अल्-ख्वारिज्मीने जो ग्रंथ लिहिला, त्याच्या नावातील 'अल्-जब्र' या शब्दावरून 'अलजेब्रा' आला. मात्र त्या ग्रंथाचा भर एकाच अव्यक्ताच्या समीकरणांवर आहे, हे आपल्या विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावे. अभिमानाच्या भरात सारेच त्याच्या नावावर जमा करू नये.

आता आपल्या मुलखाकडे येऊ. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ चा, म्हणजे इ. स. १११४ चा. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, ११५० मध्ये, त्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' पूर्ण केला. लीलावती व बीजगणित हे त्याचेच भाग मानले जातात. आपले गाव सह्याद्रीच्या आश्रयाला असल्याचे त्यांनी स्वतःच सांगितले आहे. ते नेमके कोणते याबद्दल विद्वानांत वाद आहे. परंतु चाळीसगावजवळच्या पाटण येथे एक शिलालेख आहे. भाऊ दाजी लाड यांनी तो गेल्या शतकाच्या आधीच्या शतकात, १८६५ च्या सुमारास, विद्वानांपुढे आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी तेथे मठ स्थापन केला, असे त्या लेखात आहे. त्याचा काळ शके ११२८, म्हणजे इ. स. १२०७ च्या सुमाराचा. शेवटचा काही भाग जुन्या मराठीत आहे. बीजगणित शिकवण्यासाठी खानदेशात आठशे वर्षांपूर्वी दान दिले जात होते!

भास्कराचार्य अव्यक्तांना रंगांची नावे देत. पहिले 'यावत्तावत्', मग काळ्यासाठी कालक, निळ्यासाठी नीलक, पिवळ्यासाठी पीतक. लिहिताना या, का, नी अशी आद्याक्षरे. ऋण संख्येच्या डोक्यावर टिंब. आपले क्ष आणि य तेच काम करतात.

त्यांच्या बीजगणितातील एक उदाहरण माझ्या शब्दांत देतो. एक मित्र म्हणतो, मला १०० दे, मग माझ्याजवळ तुझ्या दुप्पट होतील. दुसरा म्हणतो, तूच मला १० दे, मग माझ्याजवळ तुझ्या सहापट होतील. पहिल्याचे धन क्ष, दुसऱ्याचे य मानू. पहिल्याच्या बोलण्यावरून क्ष + १०० = २(य − १००), म्हणून क्ष = २य − ३००. दुसऱ्याच्या बोलण्यावरून य + १० = ६(क्ष − १०), म्हणून ६क्ष = य + ७०. भास्कराचार्यांची रीत अशी की एकाच रंगाच्या दोन किमती काढायच्या आणि त्या परस्परांबरोबर मांडायच्या, म्हणजे तो रंग निघून जातो. पहिल्या समीकरणाला ६ ने गुणले की ६क्ष = १२य − १८००. दोन्हीकडे ६क्ष आहे, तेव्हा १२य − १८०० = य + ७०. म्हणून ११य = १८७०, य = १७० आणि क्ष = ४०. ताळा मुलांनी स्वतः करून पाहावा.

पाटणच्या मठानंतर या ग्रंथांचे काय झाले? ते फारसीत गेले. अकबराच्या दरबारातील फैजीने १५८७ मध्ये लीलावतीचे भाषांतर केले. बीजगणिताचे भाषांतर हिजरी १०४४ मध्ये, म्हणजे १६३४-३५ साली झाले आणि शाहजहानला अर्पण केले गेले. भाषांतरकार अताउल्लाह रशीदी. त्याचे वडील उस्ताद अहमद लाहोरी. ताजमहालाचे मेमार, म्हणजे वास्तुरचनाकार, म्हणून इतिहासकार आज त्यांचेच नाव घेतात. याचा मुख्य पुरावा अताउल्लाहचा भाऊ लुत्फुल्लाह मुहंदिस याच्या काव्यात मिळतो. ताजचे काम १६३२ मध्ये सुरू झाले होते. बाप आग्र्याला चौथरे चढवीत होता त्या वर्षांत मुलगा खानदेशच्या पंडिताचे बीजगणित फारसीत उतरवीत होता. या घरात गवंडीकाम आणि गणित वेगळे नव्हते. घुमटाची उंची, कमानीचा बाक, फरशीची नक्षी, सारे मापाचेच काम.

इंग्रजांना भास्कराचे बीजगणित पुस्तकरूपाने प्रथम मिळाले तेही याच फारसीवरून. एडवर्ड स्ट्रेचीचा ग्रंथ १८१३ चा. कोलब्रुकचे थेट संस्कृतवरून केलेले भाषांतर त्यानंतर चार वर्षांनी आले.

हा अताउल्लाह पुढे दख्खनमध्ये आला. औरंगजेबाची बेगम दिलरस बानू १६५७ मध्ये वारली. तिच्यासाठी १६६० च्या सुमारास औरंगाबादेत (आता छत्रपती संभाजीनगर) बीबी-का-मकबरा उभा राहिला. ताजची हलकी नक्कल म्हणून लोक त्याला नावे ठेवतात, मला ते पटत नाही. पण तो वाद येथे नको. मुख्य प्रवेशद्वारावरील लेखात दोन नावे आहेत: मेमार अताउल्लाह आणि त्याच्यासोबत काम पाहणारा हंसपत राय. आपल्या शाळांच्या सहली तेथे नेमाने जातात. मुले मिनारांसमोर फोटो काढतात आणि दरवाजा न वाचताच आत शिरतात. मीही चार वेळा तसाच गेलो होतो.

मिस्त्रीचाचांचा मुलगा हजेरीपटावर राहिला. आता तो दहावीत आहे. मांडणी बरी करतो, पण वजाबाकी करताना दुसऱ्या समीकरणाची चिन्हे बदलायला अजून विसरतो. अताउल्लाहची हकिकत मी त्याला सांगितली, त्याने घरी सांगितली. परवा चाचा चौकात भेटले. म्हणाले, "सर, यंदा सहल मकबऱ्याला नेणार असाल तर मलाही एक जागा ठेवा. तो दरवाजा बघायचा आहे."