निम्मं ग्रुयेर, निम्मं वाशराँ

डिसेंबर १९४८. स्वित्झर्लंडमधलं फ्रिबूर. वरच्या पेठेतून सारीन नदीकाठच्या खालच्या वस्तीकडे जाणाऱ्या उतारावरच्या गाडीत तुम्ही बसला आहात आणि डब्यात सांडपाण्याचा वास कोंदला आहे. नाक मुरडू नका. १८९९पासून ही गाडी इंजिनाशिवाय चालते. वरच्या डब्याखालच्या टाकीत शहराचं सांडपाणी भरतात, त्या वजनानं तो खाली येतो आणि दोराला बांधलेला दुसरा डबा वर चढतो. इथे काहीच वाया जात नाही. आज रात्री ताटावर बसल्यावर हे पुन्हा कळेल.

खाली उतरलात की दूध-चीजच्या दुकानात शिरा. फ्रेंच आणि जर्मन एकाच वाक्यात कालवून बोलणारी इथली माणसं तुमच्या आधी उभी आहेत. कुणाच्याही हातात रेशनकार्ड नाही. १९४१पासून चीज मोजून मिळत होतं. यंदाच्या जुलैत रेशनिंग पूर्ण उठलं. दुकानदारामागच्या फळीवर ग्रुयेरचं अख्खं चाक आहे, पस्तीसेक किलोचं. एका चाकात सुमारे ४०० लिटर दूध आटलेलं असतं. चौघांसाठी ४०० ग्रॅम ग्रुयेर आणि तितकंच वाशराँ मागा. ग्रुयेर कसदार, खारट, दाणेदार. वाशराँ मऊ, लोण्यासारखं, वासाला उग्र. दोन्ही याच प्रांतातली. वितळलेल्या चीजच्या फॉन्ड्यूसाठीच्या या जोडीला इथले लोक ‘म्वातिए-म्वातिए’ म्हणतात, निम्मं-निम्मं.

ज्यांच्या घरी जेवायला बोलावलंय, त्या आजी दारातच तुमचे बूट काढायला लावतात आणि हातात सुरी देतात. पाव कापायचा, कालचा. ताजा पाव भांड्यात विरघळून जातो. युद्धाच्या काळात तर ताजा पाव विकायलाच बंदी होती, कारण शिळा पाव माणूस कमी खातो. प्रत्येक तुकड्याला थोडी कड राहील असा कापा, नाहीतर काट्यावर टिकणार नाही.

आजी जाड मातीच्या भांड्याला, काकलाँला, आतून लसणाची पाकळी चोळतात. मग तीनेक डेसिलिटर पांढरी वाइन, जवळच्या व्हुलीच्या टेकडीवरच्या शासला द्राक्षांची. ती गरम झाली की किसलेलं ग्रुयेर मूठमूठ घालत जायचं. लाकडी चमचा आता तुमच्याकडे. गोल फिरवलात तर आजी मनगट धरतील. इंग्रजी आठाचा आकडा काढल्यासारखा फिरवायचा, म्हणजे मधलं आणि कडेचं दोन्ही हलतं.

सुरुवातीला चीजचा गोळा एकीकडे आणि वाइन दुसरीकडे दिसेल. घाबरू नका. लिंबू पिळलं की दूध फाटतं हे आपल्या हाताला ठाऊक आहे. इथे मात्र आंबटपणाच तारतो. चीजमधली प्रथिनं कॅल्शियमनं एकमेकांना जखडलेली असतात. वाइनमधली आम्लं ते कॅल्शियम धरून ठेवतात, प्रथिनं सैल होतात आणि तुपकट भाग पाण्यात धरून ठेवू लागतात. थून गावच्या वॉल्टर गर्बर आणि फ्रिट्झ श्टेटलर यांनी १९११मध्ये याच तत्त्वावर सायट्रेट घालून प्रोसेस्ड चीज बनवलं. आपल्याकडच्या डब्यातल्या चौकोनी चीजच्या तुकड्यामागेही तेच रसायन आहे.

हात चालू ठेवा आणि डोळे मिटा. जरा मागे जाऊन येऊ. झुरिक, १६९९. आना मार्गारेटा गेस्नर यांच्या पाककृतींत चीज वाइनमध्ये शिजवून त्यात पाव बुडवायची कृती आहे. डोंगरातला गरीब गुराखी आणि त्याची बर्फाने कोंडलेली झोपडी ही गोष्ट सगळीकडे सांगितली जाते, मला मात्र ती पटत नाही. मुरलेलं ग्रुयेर बाहेर विकून पैसे मिळत. ते वितळवून खाणारं घर खाऊनपिऊन सुखी असणार. आता १९३० नंतरच्या दशकात या. १९१४ साली स्थापन झालेला स्विस चीज संघ चीजचा खप वाढवायला धडपडतोय, आणि या पश्चिमेकडच्या प्रांतांतल्या पदार्थाला तो साऱ्या देशाचा पदार्थ म्हणून पुढे आणतो. मग युद्ध, रेशनिंग, आणि जाहिराती थांबल्या.

डोळे उघडा. आजींनी चमचाभर स्टार्च चेरीच्या दारूत, किर्शमध्ये, कालवून ओतलाय. मिश्रण दाटलं, चकाकलं. आता आच अगदी मंद करून वाशराँचे बारीक तुकडे. यापुढे उकळी नको, बुडबुडाही नको. वाशराँला फार ताप सोसत नाही, ते लगेच तेल सोडतं. तसं झालंच तर थोडा स्टार्च वाइनमध्ये कालवून घालायचा आणि जोरात घोटायचं. वरून मिरपूड, आणि भांडं टेबलावरच्या स्पिरिटच्या शेगडीवर.

चौघांचे चार लांब काटे, भांडं एकच. पाव टोचा, तळापर्यंत न्या, फिरवा, वर काढा. तुमच्यानंतर आजींचा मुलगा, मग सून. प्रत्येकाच्या फेऱ्यानं मिश्रण घोटलं जातं. सगळे गप्पांत रमून थांबले तर ते खाली धरतं. एकत्र बसून खाण्याचं जे चित्र चीज संघानं विकलं, ते मला म्हणूनच खोटं वाटत नाही. हा पदार्थ खाणाऱ्यांच्या हातांनीच शेवटपर्यंत शिजत राहतो. पन्नाशीच्या दशकात तो लष्कराच्या पाकपुस्तकात जाईल आणि देशभरचे जवान तो आपापल्या घरी नेतील.

पाणी मागू नका, आजी देणार नाहीत. काळा चहा किंवा वाइन. थंड पाण्यानं पोटात चीजचा गोळा होतो, असं त्या ठामपणे सांगतात. पुढे २०१०मध्ये झुरिकचे डॉक्टर २० जणांना फॉन्ड्यू खाऊ घालून पोट रिकामं व्हायला लागणारा वेळ मोजतील. चहापेक्षा वाइननं तो लांबलेला दिसेल. आज रात्री तरी चहा घ्या.

तळ दिसू लागला की शेगडी विझवतात. बुडाला सोनेरी खरपूस पापुद्रा धरलाय. त्याला इथे ‘रलिजिएझ’ म्हणतात. आजी तो सुरीनं अख्खा सोडवतात आणि चार भाग करतात. कुरकुरीत, किंचित कडसर, खारट. अख्ख्या भांड्यातली सगळ्यात चांगली गोष्ट हीच, यावर माझं आणि त्या घराचं एकमत आहे.

तुमचा वाटा मात्र मुलानं उचललाय. मघाशी तुमचा पाव काट्यावरून निसटून भांड्यात पडला होता, ते त्यानं पाहिलं होतं. आजी त्याच्या हातावर चापट मारून तुकडा तुमच्या ताटलीत परत ठेवतात.

“पापुद्रा त्यांचाच,” त्या म्हणतात. “पाव पाडला त्याची शिक्षा वाइनची बाटली. पुढच्या रविवारी घेऊन या, आणि व्हुलीचीच आणा.”