स्मिता पाटील : खानदेशची अभिनेत्री

डिसेंबर १९३६ मध्ये आपल्या खानदेशातील फैजपूर येथे राष्ट्रीय सभेचे अधिवेशन भरले. खेड्यात भरलेले ते पहिलेच अधिवेशन होय. ग्रामीण जनतेला राष्ट्राच्या व्यासपीठासमोर मानाने बसविण्याचा तो प्रयत्न होता. रुपेरी पडद्यावर तसाच मान खेड्यातील स्त्रीला देणारी अभिनेत्री पुढे याच खानदेशातील घराण्यात निपजली. तिचे नाव स्मिता पाटील.

शिरपूरचे लोकसेवक शिवाजीराव पाटील व विद्याताई यांची ही कन्या १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यास जन्मली. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबईस दूरचित्रवाणीचे केंद्र सुरू झाले. तेथे ती मराठी बातम्या देऊ लागली. हातवारे नाहीत, वेशभूषेचा थाट नाही. केवळ मुद्रा, दृष्टी आणि वाणी. हेच पुढे तिच्या अभिनयाचे भांडवल ठरले. श्याम बेनेगल यांनी तिला हेरले व १९७५ मध्ये ‘चरणदास चोर’ आणि ‘निशांत’ हे तिचे चित्रपट आले.

गोरा वर्ण हेच नायिकेचे लक्षण मानणाऱ्या त्या काळात ही सावळी मुलगी ‘मंथन’ चित्रपटात खेड्यातील कष्टकरी स्त्री झाली. गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन तो चित्रपट उभा केला होता. हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावर आधारलेल्या ‘भूमिका’ने आणि १९८१ च्या ‘चक्र’ने तिला राष्ट्रीय पारितोषिके मिळवून दिली. १९८२ मध्ये जब्बार पटेल यांच्या ‘उंबरठा’त तिने स्त्रियांच्या सुधारगृहाची अधीक्षिका रंगविली. कर्तव्यासाठी घराबाहेर पडलेल्या स्त्रीला परत येताना घर आपले म्हणते काय, हा त्यातील प्रश्न मराठी घराघरांत चर्चिला गेला.

दूरचित्रवाणीलाही ती विसरली नाही. प्रेमचंदांच्या कथेवरून सत्यजित राय यांनी १९८१ मध्ये दूरचित्रवाणीसाठी ‘सद्गती’ निर्माण केली. ब्राह्मणाच्या दारी लाकूड फोडता फोडता प्राण सोडणाऱ्या दुखी चांभाराची पत्नी झुरिया तिने त्यात साकारली.

१९८५ मध्ये ‘पद्मश्री’ लाभली. परंतु १३ डिसेंबर १९८६ रोजी, पुत्रजन्मानंतर अवघ्या पंधरवड्यात, वयाच्या एकतिसाव्या वर्षी तिचे निधन झाले. ‘मिर्च मसाला’ त्यानंतर प्रदर्शित झाला. जुलमी सुभेदारापुढे न वाकणारी त्यातील सोनबाई पाहताना प्रेक्षकांना जाणवले की, नायिका शोभेची बाहुली नसून स्वतंत्र मनाची व्यक्ती असते. एवढी जाणीव देऊन जाणारे आयुष्य अल्प असले तरी अपुरे म्हणता येणार नाही.